उघडी कातर

आण्णा, पेपरात तुझा फोटो आलाय. तुझ्या धाकट्या जावयानं दिला. कुठल्यातरी लग्नातला आहे, शर्टाचं गळ्याजवळचं बटण लावलेला, डोक्याला कुणाचा तरी उसना फेटा. तुला त्यात कुणी ओळखणार नाही. खाली छापलंय, ‘अल्पशा आजाराने निधन’. अल्पशा! वाचलं आणि माझं डोकंच फिरलं. सहा दिवस बेळगावच्या दवाखान्यात तुझी पाठ खाटेवरून वर उचलली जात होती, दातावर दात घट्ट, आणि ह्यांना तो अल्पसा आजार वाटला. छापणाऱ्याच्या बापाचं काय जातंय.

म्हणून मी बसलेय लिहायला. घरात दहावीपर्यंत गेलेली मी एकटी. कुणी कागद घेऊन आलं की तू म्हणायचास, “आमच्या सुशीला इचारा, शिकलेली हाय ती.” शिकलेलीनं काय दिवे लावले ते तुला आणि मला दोघांनाच माहीत होतं. आता तू गेलास. आता मला एकटीला.

सासरहून, हिंडलग्याहून मी परत आले तो दिवस तुला आठवतो का? नवऱ्यानं दुसरी आणली होती आणि मी पत्र्याची पेटी घेऊन निपाणीच्या स्टँडवर उतरले होते. घरी आल्यावर सगळे बोलले. वैनी रडली. तात्या, आपला चुलता, म्हणाला, “चार दिवस ऱ्हाऊ दे, मग मी नेऊन सोडतो.” तू काहीच बोलला नाहीस. मला तुझा राग आला होता, सांगते आज. वाटलं, ह्यालाही मी जड झाले. आणि तिसऱ्या दिवशी सकाळी तू एक म्हातारी मेंढी कानाला धरून ओढत आणलीस, माझ्यासमोर ढुंगणावर बसवलीस आणि म्हणालास, “धर हिला.”

बायका लोकर पिंजतात, सूत काततात. कातर बाप्यांची. आपल्यात असंच चालत आलंय. तात्या तर खवळलाच. “बाईनं मेंढराला कातर लावली तर कळपाला बरं न्हाय मायाप्पा, सांगून ठिवतो.” तू मान वर न करता म्हणालास, “तात्या, मेंढराला इचारा की. त्येला चालत असंल तर तुमचं काय दुखतंय?” मी हसले. परत आल्यावर पहिल्यांदा हसले, आणि तेवढ्यात मेंढी माझ्या हातातून सुटून बांधापलीकडं गेली.

कसं शिकवलंस रे तू मला! शाळेत कुठल्या मास्तरनं इतकं शिकवलं नाही. आदल्या संध्याकाळपासून मेंढराला चारा द्यायचा नाही, भरल्या पोटी असं बसवलं की त्याचा जीव घुसमटतो. ओढ्यात धुतलेलं मेंढरू दोन दिवस वाळू द्यायचं, ओल्या लोकरीत कातर अडकते आणि अडकली की हात जोर करतो. विण्याचे दिवस जवळ आलेल्या मेंढीला हातच लावायचा नाही. पाठ आपल्या गुडघ्यांना टेकवून बसवायची, चारी पाय वर गेले की ती आपोआप गप्प होते. नाही झाली तर तिच्या डोळ्यांवर तळहात ठेवायचा. “तिला दिसंना झालं की तिला वाटतंय, रात झाली. मग ती काय करत न्हाय.” डाव्या हातानं कातडी ताणून धरायची, सुरकुतीत पातं शिरलं की लोकरीबरोबर कातडं येतं. पातं अंगाला आडवं, टोक कधी खाली घालायचं नाही. सड आले की ते बोटांखाली झाकून मग पोटाची लोकर काढायची. मागच्या पायाची धोंडशीर तुटली तर ती मेंढी जन्माची गेली.

आणि सगळ्यात शेवटी ते. कातर हातातनं सुटली की आधी मिटायची, चामड्याची वादी दोन वेढे गुंडाळायची आणि कमरेला खोवायची. जमिनीवर ठेवायची नाही, लोकरीवर ठेवायची नाही, घटकाभरही नाही.

“का?” मी विचारलं.

“उघडी कातर ठिवली की घरात भांडण लागतंय.”

“कोण म्हणतं?”

“आई म्हणायची.”

मी पोट धरून हसले. “आण्णा, माझ्या सासरी कात्रीच नव्हती रं. मग तिथं भांडण कुणी लावलं?” तूही हसलास, पण वादी मात्र माझ्या हातानं गुंडाळून घेतलीस. पुढं सात वर्षं आपला हाच वाद. मी कातर उघडी टाकायचे, तू उचलून मिटायचास. मी म्हणायचे, “लागलं काय भांडण?” तू म्हणायचास, “लागंल, लागंल.” आण्णा, एकदा, फक्त एकदा तू सरळ म्हणाला असतास की सुशे, टोक घुसंल कुणाला तरी! मी शिकलेली होते ना? शिकलेल्याला भांडणाचं भ्या दाखवून चालत नाही, खरं कारण सांगावं लागतं. का आईलाही कुणी खरं कारण सांगितलंच नव्हतं? तिला जसं मिळालं तसं तिनं दिलं, तू तसंच मला दिलंस. आणि मी ते हसण्यावारी नेलं. हा राग तुझ्यावर काढू की माझ्यावर, मला अजून ठरवता आलेलं नाही.

पहिल्या वर्षी मी आबांच्या कातरीनं कातरलं. वडिलांची ती कातर, वाटून तुझ्याकडं आलेली, मुठीला लाल चिंधी गुंडाळलेली. माझ्या हाताला ती मोठी व्हायची, संध्याकाळी अंगठा सुजायचा. एक दिवस मला निपाणीला लोहाराच्या भात्यापुढं नेलंस, माझा हात धरून बांगड्यांसकट त्याच्या ऐरणीवर ठेवलास आणि म्हणालास, “ह्या हाताची बनीव.” लोहार बघतच राहिला. अरुंद पाती, बारीक टोक, माझ्या बोटांच्या मापाच्या मुठी. घरी आल्यावर तू तिला बिरदेवाचा भंडारा लावलास, मग माझ्या कपाळाला. लग्नातही मला कुणी इतक्या मनापासून काही दिलं नव्हतं.

सांबऱ्याचं आठवतं? तिथं विमानतळाजवळच्या एका रानात खतासाठी मेंढरं बसवली होती आणि तिथंच कातरणी काढली होती. मी एका मेंढ्याची मान कातरत होते आणि डोक्यावरून विमान गेलं, एवढं खाली की चाकं दिसली. मेंढा असा उसळला की कातर त्याच्या कानाला लागली. कानातनं रक्त आलं. मी रडायलाच लागले. तू मेंढ्याच्या कानाला हळद दाबलीस आणि मला म्हणालास, “विमानाचा आवाज लांबनं येतोय. आवाज आला की हात उचलायचा, कातर मिटायची, विमान जाऊ द्यायचं. त्येला जायचं असतंय, आपल्याला न्हाय.” मग दिवसभर विमान आलं की आपण दोघंही कातर मिटून, मेंढराच्या डोळ्यांवर हात ठेवून गप्प बसायचो. मला वाटतं माझ्या आयुष्यातले ते सगळ्यात चांगले दिवस होते. तुला हे कधी सांगितलं नाही. सांगायला काय झालं होतं मला, कुणास ठाऊक.

लोकरीला आता कोण विचारतं? घोंगडी विणणारे राहिले नाहीत, लोकर बांधावर पडून कुजते. तरी कातरावं लागतं. नाहीतर उन्हात मेंढरू तापतं, शेपटीखाली लोकर चिकटून किडे पडतात. लोक म्हणायचे, “मायाप्पा, फुकटची हमाली करतोस.” तू म्हणायचास, “लोकर माझी न्हाय, मेंढराची हाय. त्येचं ओझं त्येला उतरून द्यायचं.” तुझ्या तोंडून असं काहीतरी सहज यायचं आणि मी लगेच चिडवायचे, “आले महाराज!” आता चिडवायला कोण आहे?

तो दिवस मी टाळत चाललेय. आता लिहिते.

जैन आप्पांच्या रानात, तंबाखू निघून गेलेल्या वावरात आपली वाघर लावलेली. जाळीच्या आत मेंढरं, बाहेर आपण. तात्या आणि त्याची दोन माणसं सावडीला, कामाला काम म्हणून आलेली, ती पलीकडच्या बाजूला कातरत होती. वैनी भाकरी आणायला घरी गेली होती. भर दुपार. मी एका काळ्या मेंढीची अर्धी बाजू कातरली होती आणि ती हिसका देऊन सुटली. अर्धी कातरलेली, अर्धी लोंबती, तशी पळाली. तात्याकडचे हसायला लागले. मला हसणं सहन होत नाही, तुला माहीत आहे. मी कातर तिथंच लोकरीच्या ढिगावर टाकली आणि मेंढीच्या मागं धावले.

उघडी टाकली, आण्णा. वर लोकर सरकली असेल. तू दुसरी मेंढी कवेत घेऊन आलास आणि रोजच्यासारखा ढिगावर गुडघा टेकून बसलास.

मी मेंढी घेऊन परत आले तेव्हा तू कातर मांडीतून काढत होतास. ओरडला नाहीस. गुडघ्याच्या वर, दोन बोटं आत गेली होती. तू आधी काय केलंस? आधी कातर मिटलीस. वादी गुंडाळलीस, दोन वेढे. ती माझ्या कमरेला खोवलीस. मग जखमेवर हात ठेवलास.

“काय झालं रं?” पलीकडून तात्या ओरडला.

तू तुझी कातर, आबांची, काढून हातात धरलीस. “काय न्हाय तात्या. माझीच लागली. बसताना.”

माझ्याकडं बघितलंही नाहीस. मला कळलं तू का खोटं बोललास. तात्याला कळलं असतं तर त्याच संध्याकाळी माझ्या हातातली कातर गेली असती, आणि मी पुन्हा पत्र्याची पेटी घेऊन आलेली बाई झाले असते. कळलं, आणि मी गप्प बसले. एवढा सोपा गुन्हा कुणाचा नसेल, नुसतं गप्प बसायचं होतं.

जखम मीच भरली. जुन्या घोंगड्याचा तुकडा जाळून त्याची राख, वर हळद, वर फडकं. आपल्यात सगळ्यांची जखम अशीच भरते, आबांची भरली, तात्याची दोनदा भरली. रक्त थांबलं. तोंड वरनं मिटलं. खोल जखमेचं तोंड असं बंद करायचं नसतं, हे मला नंतर दवाखान्यात कळलं. मी एकदा म्हटलं, “आण्णा, निपाणीला जाऊन धनुर्वाताची सुई घेऊन येऊया.” तू म्हणालास, “पंधरा दिवसांमागं ढोरांचा डाक्टर आलता, सगळ्या मेंढरास्नी सुई दिली. तेवढं बास.” आणि हसलास. मीही हसले. एकदाच म्हटलं मी. दुसऱ्यांदा म्हटलं नाही. दुसऱ्या दिवशी वळीव पडला, मेंढरं भिजली, कातरणी थांबली. चार दिवस आपण रिकामे बसून होतो, आण्णा! चार दिवस! निपाणी हाकेच्या अंतरावर. तू लंगडत शेळीचं दूध काढत होतास आणि मी तुझ्यासमोर बसून तंबाखू निवडत होते.

लागलं त्याच संध्याकाळी तू मला म्हणाला होतास, “बघ सुशे, उघडी कातर ठिवली, आणि भांडण काय लागलं न्हाय. आईचं चुकलंच म्हण की.” मला रडू फुटलं तर तू म्हणालास, “ए, गप. मांडीला लागलंय, गळ्याला न्हाय.”

आठव्या दिवशी तुला भाकरी चावेना. म्हणालास, दाढ ठणकतीय. मी म्हटलं, “तंबाखू कमी कर, बारा वर्षांच्या पोरासारखा कुरकुरू नको.” हे मी म्हटलं. संध्याकाळी तुझी मान वळेना. सकाळी तू पाणी प्यायला तोंड उघडायला गेलास आणि ते उघडलंच नाही.

बेळगावात डॉक्टरनं विचारलं, “काय लागलं होतं? कधी?” मी तुझ्या शेजारीच उभी होते. वैनी दुसऱ्या बाजूला. मी तोंड उघडायच्या आत तू दाताआडून बोललास. शब्द फुटत नव्हता, लाळ गळत होती, तरी बोललास. “कातर. माझीच.”

तेवढंच. ते तुझं शेवटचं कळलेलं बोलणं.

मग त्यांनी तुला अंधाऱ्या खोलीत ठेवलं. खिडकीला काळं कापड. आवाज झाला की तुझं अंग ताठ व्हायचं, दार वाजलं की व्हायचं, बाहेर कुणाच्या हातातून भांडं पडलं की पाठ वर उचलायची आणि तू आतल्या आत कण्हायचास. विमानाच्या आवाजानं मेंढा उसळला होता तसा. मी पुढं झाले. दुसरं मला काय सुचणार? मी तुझ्या डोळ्यांवर तळहात ठेवायला गेले. नर्स धावत आली, हळू आवाजात पण रागानं म्हणाली, “मुट्टब्याड्री!” हात लावू नका. हात लावला की पुन्हा झटका येतो म्हणे. मेंढरावर हात ठेवला की ते शांत होतं, आणि तुझ्यावर हात ठेवायचा नाही. सहा दिवस मी दाराच्या फटीतून तुझ्याकडं बघत उभी राहिले, माझे दोन्ही हात पदराखाली. डॉक्टरांनी, नर्सनी होतं तेवढं केलं, त्यांना बोल लावायला जागा नाही. मला बोल लावायला माणूस हवा होता आणि सारखी मीच सापडत होते.

तुझ्या मातीला लई लोक आले. तुला घोंगड्यात गुंडाळलं, आबांच्या शेजारी ठेवलं. सगळं झाल्यावर तात्यानं तुझी कातर मागितली. “ह्या कातरीनं घात केला. घरात नको.” वैनीनं ती छातीशी धरली होती, तिच्या हातातून त्यानं ती काढून घेतली, वेदगंगेच्या पुलावर गेला आणि खाली फेकली. आबांची कातर. लाल चिंधीची. चाळीस वर्षांत जिनं कुणाला ओरखडा काढला नाही ती. आणि जी घातकी ती माझ्या कमरेला, पदराखाली, वादी गुंडाळलेली. मी पुलावर उभी होते, आण्णा. पाण्यात पडल्याचा आवाज ऐकला आणि तेव्हाही तोंड उघडलं नाही.

तुझे दिवस होईपर्यंत वैनी त्या कातरीसाठी रडत होती. “त्यांच्या हाताचा घाम होता गं तिच्या चिंधीला. वन्सं, तेवढं तरी ठेवायचं हुतं.” माझ्याच मांडीवर डोकं ठेवून. मी तिच्या केसांवरून हात फिरवत होते. मला त्या वेळी तुझा इतका राग आला! तू माझ्यासाठी खोटं बोललास, ते मला देऊन गेलास, आणि ते घेऊन मी जगू कशी ते सांगितलंच नाहीस. मोठा भाऊ म्हणून झाकलंस. पण झाकणावर तू मला बसवून गेलास.

काल कातरणी पुन्हा सुरू केली. अर्धा कळप कातरलेला, अर्धा तसाच लोंबता, ऊन मरणाचं. एका मेंढीच्या शेपटीखाली किडे दिसले तेव्हा थांबता येईना. तात्या त्याच्या माणसांना घेऊन आला. वैनीही आली, पांढऱ्या कपाळानं, तू गेल्यापासून पहिल्यांदाच रानात. मी वाघरीबाहेर उभी होते, मला वाटलं तात्या मला आज मेंढरं धरायला लावेल. आणि तात्यानं काय करावं? तो माझ्याजवळ आला, भंडाऱ्याची पुडी काढली आणि माझ्यासमोर धरली.

“पयली मेंढी तू घे, बाई,” तो म्हणाला. “मी लई बोललो तुला. मायाप्पाचा हात आता तुझ्यातच ऱ्हायलाय.” त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. सात वर्षं तू ह्याचसाठी भांडलास ना? हे वाक्य ऐकायला तू काय दिलं असतंस. काय दिलंस ते मी बघितलंय.

मला ते घेता आलं नाही, आण्णा. मेंढी बसवलेली, कातर काढलेली, वादी सोडलेली. मी म्हटलं, “तात्या, आण्णाला त्याची कातर लागली न्हाय. ही लागली. मी उघडी टाकून गेलते. त्यो माझ्यासाठी खोटं बोलला.”

मेंढी पाय झाडत होती. तात्याचं तोंड हळूहळू बदललं, भंडाऱ्याचा हात खाली आला. मग तो ओरडला, “ठिव. ठिव ती कातर खाली!”

“खाली ठिवायची नसते, तात्या,” मी म्हटलं. उलटून बोलायचं नव्हतं मला, देवाशपथ. तोंडातून तेवढंच आलं. मी कातर मिटली. वादी गुंडाळली, दोन वेढे. आणि वैनीपुढं धरली.

वैनीनं ती घेतली. आण्णा, तिनं टोकावरून अंगठा फिरवला. मला वाटलं आता ती वेदगंगेकडं चालू लागेल, आणि मी म्हणणार होते, जा, टाक. मला वाटलं मारेल, आणि मी पाठही वळवली नसती. माझ्याकडं तिनं बघितलं नाही. मेंढीकडं बघितलं.

“मेंढरं काल सांजच्यापास्नं उपाशी हायती,” ती म्हणाली. “किडं पडल्यात. बसीव तिला.”

कातर माझ्या हातात दिली आणि मेंढीच्या तोंडाशी खाली बसली. तिच्या डोळ्यांवर तळहात ठेवला. तात्या त्याची माणसं घेऊन निघून गेला. जाताना म्हणाला, “ह्या घरात आता मी पाणी पिणार न्हाय.” बघ आण्णा, आई चुकली नव्हती. भांडण लागलंच. थोडा उशीर झाला एवढंच.

आम्ही दोघींनीच कातरलं. काल एकोणीस झाली, आज बावीस. एकालाही लागलं नाही. वैनी मला आता ‘वन्सं’ म्हणत नाही. काहीच म्हणत नाही. ‘धर’ म्हणते, ‘सोड’ म्हणते, ‘पाणी घे’ एवढंही म्हणत नाही. मेंढी बदलताना माझा हात खाली जायच्या आत तिचा हात पुढं येतो, ती कातर घेते, मिटते, मेंढी बसली की परत देते. माझ्यावर तिचा विश्वास नाही, आणि नसावाच.

तू रागावला असशील. सात वर्षांचं तुझं भांडण मी एका वाक्यात घालवलं. रागाव. तुझी कातर मला परत आणता येत नाही, निदान तिच्यावरचा आळ तरी उतरवला. तुझ्या बायकोला आता माहीत आहे की तिचा नवरा धांदरट नव्हता, चाळीस वर्षांच्या कातरीवर आंधळेपणानं बसणारा नव्हता. पेपरातल्या त्या ‘अल्पशा’चं मात्र मला काही करता आलं नाही.

काल संध्याकाळी काम आटोपल्यावर वैनी माझी कातर घरी घेऊन गेली, आजही. दाराजवळच्या खिळ्याला लावली, जिथं तुझी असायची. सकाळी मला ती तिच्याकडं मागावी लागली. मी मागितली तेव्हा ती चुलीपुढं होती, उठली नाही, किती तरी वेळ भाकरी थापत राहिली. मी दारात उभी राहिले. मग तिनं हात धुतले, खिळ्यावरून कातर काढली आणि वादीचे दोन्ही वेढे तपासून माझ्या हातात ठेवली. उद्या पुन्हा मागायची आहे.